सूचना : २३ सप्टेंबरचा मेळावा
सर्व सभासदांना कळविण्यात येते की, आंतरराष्ट्रीय सांकेतिक भाषा दिन यंदा आपल्या सभागृहातच साजरा होईल. १९५१ साली याच तारखेला जागतिक कर्णबधिर महासंघ स्थापन झाला. मुंबईच्या लोकलमधील दिव्यांगांच्या डब्यात आणि फलाटांवर आपल्यापैकी कित्येकांची मैत्री जुळली, तिथेच अनेकांना खुणेचे नावही, म्हणजे सांकेतिक भाषेत त्यांना ओळखण्याची खास खूणही, मिळाली. परंतु व्हिडिओ कॉल आल्यापासून शनिवारच्या भेटीला तरुण सभासद कमी येतात, याची कार्यकारिणीला मनापासून काळजी वाटते. ऐकणाऱ्यांच्या घरात वाढणाऱ्या कर्णबधिर मुलांना ही भाषा बहुधा अशा भेटींतूनच मिळते, म्हणून त्यांना अवश्य आणावे. खुर्च्या गोलाकार मांडाव्यात. उजेडाकडे पाठ करून कोणी बसू नये, कारण चेहरा अंधारात गेला की खुणा नीट वाचता येत नाहीत, आणि शेवटचा सभासद निघेपर्यंत दिवे मालवू नयेत.
– चिटणीस