लार्सनचा एक स्पर्श

महोदय,

पुण्यात शालेय फुटबॉल संघांचे फॉरवर्ड (आघाडीचे खेळाडू) निवडताना बहुधा फक्त गोल मोजले जातात. निवडणाऱ्यांनी स्वीडनच्या हेन्रिक लार्सनची कारकीर्द जरूर पाहावी. १९९९ मध्ये पाय मोडूनही २०००-०१ च्या मोसमात त्याने स्कॉटलंडच्या सेल्टिक क्लबकडून ५३ गोल केले. पण २००६ च्या चॅम्पियन्स लीग या युरोपीय क्लब स्पर्धेच्या अंतिम सामन्यात त्याचा एकही गोल नाही! ६१व्या मिनिटाला तो बार्सिलोनाकडून उतरला, तेव्हा आर्सेनल १-० ने पुढे होते. सहकारी इनिएस्ताचा पास न थांबवता त्याने नुसत्या स्पर्शाने दुसरा सहकारी एटोकडे वळवला. नंतर बेलेटीलाही त्यानेच पास दिला. दोन्ही पासवर गोल झाले. आपली मुले चेंडू आधी थांबवतात, मग मान वर करतात. तोवर बचावपटू अंगावर आलेला असतो. चेंडू येण्यापूर्वीच खांद्यावरून मागे पाहण्याची सवय सरावात लावा.

– काही फुटबॉल प्रशिक्षक, पुणे