मूकपट मुलांना पूर्ण आणि योग्य वेगात दाखवावेत

मा. संपादक, स.न.वि.वि.

जळगावात अलीकडे शाळकरी मुलांच्या एका कार्यक्रमात मोटार शर्यतींवरील विनोदी मूकपट दाखवले गेले, याचा आनंद वाटला. मात्र ते तुकडे पाडून, भरधाव वेगात आणि कर्कश संगीतासह दाखवल्याने त्यांतली गंमतच हरवली.

'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' हा १९१४ चा लघुपट कॅलिफोर्नियातील मुलांच्या खऱ्याखुऱ्या शर्यतीत चित्रित झाला आणि चार्ली चॅप्लिनने रंगवलेले 'भटक्या' हे पात्र प्रेक्षकांना प्रथम त्यातच दिसले. शर्यतीचे चित्रण चालू असताना हा भटक्या कॅमेऱ्यासमोर येऊन ठाण मांडतो, दिग्दर्शक त्याला ढकलून देतो, मागून गाड्या सुसाट जातात आणि तो काठी फिरवत पुन्हा हजर होतो. विनोद आहे तो या चिकाटीत. मधले दोन धक्के कापले, की तिसऱ्याला हसू येत नाही.

वेगाचेही तसेच आहे. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत आणि धांदल वाढावी म्हणून विनोदी प्रसंगांत मुद्दाम संथ फिरवत; त्यामुळे पडद्यावर हालचाली भरभर दिसत. अशी फीत आज सरसकट सेकंदाला २४ चौकटींनी (फ्रेमनी) चालवली, तर हावभाव टिपताच येत नाहीत.

संवादांवाचून समजणारे हे चित्रपट अहिराणी बोलणाऱ्या आमच्या खेड्यापाड्यांतील मुलांनाही सहज कळतील. आयोजकांनी ते अखंड व बेताच्या वेगात दाखवावेत आणि त्याच वर्षीचा, अभिनेत्री मेबल नॉर्मंड स्वतः शर्यतीची गाडी हाकते तो 'मेबल ॲट द व्हील'ही आवर्जून निवडावा, ही विनंती.

– एक वाचक, अमळनेर (जि. जळगाव)