यंत्र आलंय, कुलपात आहे: शालेय शिक्षणमंत्र्यांना खुले पत्र

मा. शालेय शिक्षणमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

महोदय, सप्रेम नमस्कार.

मी जुन्नर तालुक्यातली निवृत्त शिक्षिका. आता संध्याकाळी दोन तास गावच्या वाचनालयात बसते. परवा सातवीतल्या एका मुलीनं विचारलं, "बाई, गोष्टीतली वस्तू खरी करून देणारं यंत्र कधी येणार?" तिनं एक गोष्ट लिहिली होती. तीत एक छत्री आहे. ती उलटी उघडते आणि पावसाचं पाणी दांड्यातून खाली हंड्यात सोडते. मे महिन्यात टँकरच्या रांगेत उभ्या राहणाऱ्या पोरीला छत्री सुचली तर ती अशीच सुचणार.

मी म्हटलं, "यंत्र आलंय गं. कुलपात आहे."

थट्टा नव्हती ती. मुलांनी स्वतःच्या हातानं वस्तू बनवून बघाव्यात म्हणून शाळांत प्रयोगशाळा उभ्या करणाऱ्या केंद्राच्या अटल टिंकरिंग लॅब योजनेत निवडलेल्या शाळेला २० लाख रुपयांपर्यंत अनुदान मिळतं आणि त्या सामानात थ्रीडी प्रिंटर असतो. प्लास्टिकची तार वितळवून थरावर थर देत तो वस्तू उभी करतो. आख्खी छत्री त्यात मावणार नाही, पण तिचा वीतभर नमुना नक्की होईल. पाणी दांड्यातून उतरतं की काठावरून सांडतं, एवढं कळायला तो पुरे.

मी पाहिला तो प्रिंटर कापडाखाली होता. शाळेचं नाव घेत नाही. तिथले सर भले आहेत; गणित, विज्ञान, पोषण आहाराचा हिशेब आणि निवडणुकीची कामं एकाच माणसाच्या डोक्यावर. पाहुणे आले की कापड निघतं. आजवर त्यातून काय काय निघालं, ते त्यांनी कौतुकानं दाखवलं: चार की-चेन, एक गणपती आणि एक आयफेल टॉवर. खिडकीतून शिवनेरी दिसतो आणि टेबलावर आयफेल टॉवर! सगळ्या फायली, म्हणजे प्रिंटरला द्यायचे वस्तूंचे आराखडे, नेटवरून तयार उतरवलेल्या. एकाही मुलाच्या डोक्यातून निघालेली वस्तू त्यांत नव्हती.

महोदय, माझं भांडण यंत्राशी नाही. त्याला द्यायला आपल्या मुलांकडे गोष्टच नाही, हे माझं दुखणं आहे.

कल्पना खरी होणं आमच्या भागाला नवीन नाही. विज्ञानकथा लिहिणाऱ्या आर्थर क्लार्क यांनी १९४५ साली एका लेखात मांडलं, की पृथ्वीपासून सुमारे ३६ हजार किलोमीटरवर तीन उपग्रह ठेवले तर जगभर संदेश पाठवता येतील. तेव्हा आकाशात एकही उपग्रह नव्हता. पुढे १९७१ मध्ये नारायणगावजवळच्या आर्वीत देशाचं उपग्रह दळणवळणाचं केंद्र सुरू झालं. शेजारीच खोडदला ४५ मीटर व्यासाच्या तबकड्या आकाशातल्या रेडिओ लहरी ऐकत बसल्यात. आमची पोरं त्यांच्याकडे बघत शेळ्या चारतात, आणि कल्पनेपासून तबकडीपर्यंतची मधली साखळी त्यांना कुणी सांगत नाही.

जयंत नारळीकरांचंही तसंच. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला त्यांनी टोपणनावानं कथा पाठवली. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून ती पत्नीकडून लिहून घेतली. जगभर नाव झालेला शास्त्रज्ञ, पण मराठीत गोष्ट लिहिणं त्यांना कमीपणाचं वाटलं नाही. आमच्या शाळांत मात्र ग्रंथालयाचा तास वेळापत्रकात असतो आणि सहामाही जवळ आली की गणिताकडे जातो. मीही दिला आहे तो, नोकरीत असताना. कबूल करते.

आता थोडं गंभीर. एच. जी. वेल्स यांनी १९१४ साली एका कादंबरीत अणुबॉम्ब आणला. लिओ झिलार्ड या शास्त्रज्ञानं ती १९३२ मध्ये वाचली. पुढच्याच वर्षी लंडनमध्ये रस्ता ओलांडताना त्यांना अणूंच्या साखळी अभिक्रियेची, म्हणजे एक अणू फुटला की त्यानं पुढचे फोडत जाण्याची, कल्पना सुचली; अणुबॉम्ब त्यावरच चालतो. २ डिसेंबर १९४२ ला शिकागोत ती प्रत्यक्ष घडली. जुलै १९४५ मध्ये याच झिलार्ड यांनी अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांच्या नावे अर्ज लिहून सहकाऱ्यांच्या सह्या गोळा केल्या, की हे अस्त्र असं वापरू नका. उपयोग झाला नाही. त्या कादंबरीत बॉम्ब पडल्यावर राष्ट्रं शहाणी होतात, एकत्र येऊन सगळ्या जगाचं एक सरकार करतात. बॉम्ब खरा झाला, पुढची प्रकरणं पुस्तकातच राहिली.

म्हणून मला मुलांची स्वतःची गोष्ट हवी आहे, उतरवलेली फाइल नको. त्या मुलीच्या गोष्टीत छत्रीनंतर भांडण आहे. पाटलाच्या घरी मोठी छत्री येते, त्यांचा हौद भरतो आणि खालच्या आळीतल्या बाया विचारतात, पाऊस काय तुमच्या एकट्याचा? मग पंचायतीत छत्रीचं माप ठरतं. बारा वर्षांच्या मुलीनं वस्तूच्या पाठोपाठ तिचा नियमही लिहिला, कारण गोष्ट पुढे नेताना तिला तो लिहावाच लागला. आयफेल टॉवरच्या फायलीत असं भांडण कुठून येणार?

योजना केंद्राची आहे, ठाऊक आहे. पण वेळापत्रक आणि शिक्षक तुमचे. ग्रंथालयाचा तास दुसऱ्या विषयाला देता येणार नाही, असं एक परिपत्रक काढा. लॅबमध्ये काहीही छापण्याआधी मुलानं त्या वस्तूची पानभर गोष्ट लिहावी, मराठीत, आणि ती वर्गात वाचून दाखवावी. वर्ग प्रश्न विचारेल, हसेलही, हसू द्या. प्रिंटरशेजारी विज्ञानकथांचं एक कपाट असू द्या. शेजारच्या जिल्हा परिषद शाळेतल्या मुलांना आठवड्यातून एक दिवस लॅब उघडी ठेवा. आणि त्या सरांची निवडणुकीची कामं कमी करता आली तर पाहा; बाकी सगळं त्यावरच अडलंय.

यातल्या कशालाही नवं यंत्र विकत घ्यावं लागणार नाही. त्यामुळे उद्घाटनाची फीत कापायला मिळणार नाही, ही अडचण मात्र मला समजते.

२८ फेब्रुवारीला, विज्ञानदिनी, खोडदला प्रदर्शन भरतं. छत्री तिथे न्यायची, असा तिचा हट्ट आहे. दांड्याचं भोक आठ मिलिमीटरचं असावं असं ती म्हणते. मला वाटतं, पानं अडकतील, बारा ठेवावं. दोन्ही करून बघायला हवीत. तेवढी किल्ली मिळाली तर बरं होईल.

आपली,
जुन्नर तालुक्यातली एक वाचनालयवाली बाई