हरिहर : एका नावात दोन देव

महोदय,

मुलांच्या नावांच्या याद्यांमध्ये ‘हरिहर’ या नावापुढे अनेकदा नुसते ‘विष्णूचे एक नाव’ असे दिलेले आढळते. हा अर्थ अर्धाच आहे. हरि म्हणजे विष्णू आणि हर म्हणजे शंकर. हा द्वंद्व समास आहे, त्यात दुय्यम कोणीच नाही.

या नावाचा अर्थ डोळ्यांनी पाहायचा तर बदामीच्या पहिल्या लेण्यात जावे. सहाव्या शतकातल्या या चालुक्यकालीन लेण्यात एकच उभी मूर्ती आहे. तिच्या उजव्या अर्ध्या भागात जटा, नागाने वेढलेला परशू आणि शेजारी पार्वती. डाव्या भागात किरीट, हातात शंख आणि शेजारी लक्ष्मी. शैव आणि वैष्णव हे दोन पंथ त्या शिल्पकाराने एका देहात उभे केले. मला तरी याहून नेमका शब्दार्थ कुठे सापडलेला नाही.

माणसाचे नाव म्हणूनही हे जुनेच. 1336 च्या सुमारास विजयनगरची स्थापना करणारे दोन भाऊ म्हणजे हरिहर आणि बुक्क. कंबोडियातल्या एका जुन्या ख्मेर राजधानीचे नाव हरिहरालय होते, म्हणजे हा शब्द समुद्रापारही पोचला होता.

एक विनंती. शाळेच्या आणि जन्माच्या दाखल्यांवर हे नाव ‘हरीहर’ असे लिहिले जाते. मराठीत सुटा ‘हरी’ दीर्घ असला, तरी समासात तो ऱ्हस्वच राहतो. पालकांनी नोंदणीच्या वेळीच ‘हरिहर’ असे लिहून द्यावे. नंतर दुरुस्तीसाठी खेटे घालावे लागतात.

– एक वाचक