शनिवारचा लघुपट : वेळेवर या

सभासदांनो, नमस्कार.

येत्या शनिवारी सायंकाळी सहाला गंगापूर रोडवरच्या आपल्या नेहमीच्या हॉलमध्ये थरच्या वाळवंटात चित्रित झालेला प्रायोगिक लघुपट दाखवणार आहोत. लांबी १८ मिनिटं, पात्र एकच, संवाद नाहीत.

गोष्ट शोधू नका, दूरवरून चालत येणाऱ्या त्या माणसाकडे बघा. लांब पल्ल्याच्या लेन्समुळे अंतर चपटं दिसतं. तो पावलं टाकत राहतो, पण जवळ येतच नाही. तापलेल्या वाळूलगतची हवा विरळ होते, प्रकाश वाकतो आणि आकाशाचाच तुकडा जमिनीवर पाण्यासारखा चमकतो. त्या मृगजळात त्याचे पाय विरघळतात. एकटेपण इतकं नेमकं दाखवलेलं मी क्वचितच पाहिलंय.

आवाज फक्त वाऱ्याचा आणि घोट्यापर्यंत रुतणाऱ्या पावलांचा. म्हणून कळकळीची विनंती : फोन सायलेंटवर नको, पूर्ण बंद ठेवा. अंधारात एक स्क्रीन उजळली तरी सगळं मोडतं. सहानंतर दार उघडणार नाही. कॉलेज रोडकडून येणाऱ्यांनी शनिवारची गर्दी धरून निघावं.

नंतर चहा आणि चर्चा. पाहुणा आणायचा असल्यास शुक्रवारपर्यंत ग्रुपवर कळवा, खुर्च्या मोजक्याच आहेत.