पडला की धडकला, तेवढं तरी लिहा

संपादक महोदय, स.न.वि.वि.

मेडिकल कोडिंगचा, म्हणजे पेशंटच्या आजाराला, जखमेला आणि तिच्या कारणाला ठरलेले कोड लावण्याच्या कामाचा, विषय निघाला की लोकांना बदक आठवतं. 'बदकाने मारलं' असा खरंच कोड आहे, डब्ल्यू६१.६२, आणि त्याचे फॉरवर्ड वर्षानुवर्षं फिरतायत. हसा बापडे, आम्हीपण हसतो. पण मी रोज अमेरिकन हॉस्पिटलांचे चार्ट, म्हणजे डॉक्टरांनी लिहिलेल्या पेशंटच्या नोंदी, कोड करते आणि माझं डोकं बदकाने नाही, व्ही८०.९१९ ने खाल्लंय.

हा कोड म्हणजे जनावरावर स्वार असलेला माणूस ट्रान्स्पोर्ट अपघातात जखमी झाला, पण अपघात नक्की कसला ते नोंदवलेलं नाही. (हो, घोडा ट्रान्स्पोर्टमध्येच येतो, ट्रक आणि सायकलच्या शेजारी, मग तुम्ही हौस म्हणून रिंगणात फिरत असलात तरी.) कोड वाईट नाहीये, बेशुद्ध पेशंट आला, सोबत कोणी नाही, तर दुसरं काय लावणार? राग येतो तो पेशंट शुद्धीवर असतो, धडधडीत बोलत असतो आणि तरी हा कोड लावावा लागतो तेव्हा.

असा चार्ट कसा असतो सांगते. मनगटाच्या फ्रॅक्चरवर पानभर मजकूर, हाड किती सरकलंय, सूज कुठे, बोटांना संवेदना आहे का, प्लास्टर कोणतं, सगळं व्यवस्थित. आणि हे झालं कसं? तर 'घोडेस्वारीचा अपघात', बास, दोन शब्द. आता घोड्यावरून पडला किंवा घोड्याने फेकला, तर व्ही८०.०१०. उंट किंवा गाढवावरून पडला तर व्ही८०.०१८. कारने किंवा ट्रकने उडवलं तर व्ही८०.४ मध्ये जायचं, झाडाला किंवा कुंपणाला आपटला तर व्ही८०.८ मध्ये. आणि खाली उतरून खोगीर काढताना लाथ बसली तर तो स्वारच नाही, मग डब्ल्यू५५.१२. मनात ठाम वाटत असतं की पडलाच असणार, घोडेस्वारीत अजून काय होणार, पण कोडरला अंदाज लावायची परवानगी नाही, चार्टमध्ये नाही म्हणजे नाही. मग व्ही८०.९१९, शेवटी पहिल्या भेटीचं 'ए' अक्षर, आणि यात घोडासुद्धा गायब होतो, कारण हा कोड कुठलं जनावर ते सांगतच नाही. मी निदान वाय९३.५२ जोडते, म्हणजे घोडेस्वारी चालू होती एवढं तरी राहतं, पण तो फक्त पहिल्या भेटीला एकदाच लावता येतो.

गंमत बघा, आयसीडी-९ या जुन्या कोडयादीत ई८२८ हा एकच कोड होता, पडणं, फेकलं जाणं, बरीचशी धडक सगळं त्यातच, फरक फक्त जखमी कोण एवढाच. १ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत आयसीडी-१०-सीएम ही नवी यादी आली, एवढे बारीक कोड मिळाले, ट्रेनिंगं झाली, सॉफ्टवेअर बदललं, आणि आपण एक ओळ न लिहिल्यामुळे परत त्याच गाठोड्यात.

कोणाला पडलेली का नाही तेही कळतं. कारणाचे कोड पहिल्या नंबरला लावताच येत नाहीत, फ्रॅक्चरचा कोड पुढे, हे मागे. शिवाय देशपातळीवर त्यांची सक्ती नाही, राज्याने किंवा इन्शुरन्सवाल्याने मागितलं तरच ते द्यावे लागतात. म्हणजे बिल काही अडत नाही, आणि जे बिल अडवत नाही त्याच्यामागे कोण लागणार. मॅनेजरला तासाला किती चार्ट झाले ते हवं असतं, क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना खुलासा विचारणारा प्रश्न, पाठवून उत्तराची वाट बघत बसलेली कोडर त्याला कशाला आवडेल?

पण नंतर याच डेटावर कोणीतरी बसणार ना. स्वार रिंगणात पडतायत का रस्त्यावर गाड्या त्यांना उडवतायत, या दोन गोष्टींवरचे उपाय वेगळे आहेत. एकीकडे हेल्मेट आणि शिकवणं, दुसरीकडे गाड्यांचा स्पीड आणि रस्ता. व्ही८०.९१९ चा ढीग यातलं काहीच सांगत नाही, आणि हेल्मेटला तर या कोडमध्ये जागाच नाही, ते नोटमध्ये लिहिलं तरच कोणाला तरी कळेल.

म्हणून इमर्जन्सीतल्या डॉक्टरांना आणि नोटचे टेम्प्लेट बनवणाऱ्यांना एकच विनंती. जनावर कोणतं, वर बसलेला होता की खाली उभा, पडला की कशाला धडकला, एवढं एका ओळीत टाका, अर्धं मिनिटही लागणार नाही, पेशंट तसंही स्वतःहून तीनदा सांगत असतो. आणि आमची क्वेरी आली तर प्लीज 'नोट बघा' असं उत्तर पाठवू नका, नोट बघूनच ती क्वेरी पाठवलेली असते.

– एक मेडिकल कोडर