रात्रपाळीचं काय करू?

सोलापूर,
पाडव्यानंतरचा रविवार

प्रिय सुध्या,

मल्लेशमकाकांनी परवा आपल्या टॉवेलच्या कारखान्याच्या रात्रपाळीची किल्ली आणून माझ्या टेबलावर ठेवली. बोलले काहीच नाहीत. पाणी प्यायले, चष्मा पुसला आणि निघून गेले. घरात सांगितलं तर सगळ्यांचं म्हणणं एकच, "बरं झालं, त्यांचंही वय झालंय." ती किल्ली काय होती हे कळणारा माणूस आता तूच उरलास, म्हणून लिहायला बसलो. दिवाळीनंतर तुझे फोन येऊन गेले आणि मी उलट फोन केला नाही. राग आला असेल तर असू दे, पण पत्र शेवटपर्यंत वाच.

तब्येत बरी. शुगर गोळीवर आहे, आईचा गुडघा पावसाळ्यानंतर बघायचं ठरलंय. नळाला पाणी पूर्वीसारखंच चार-पाच दिवसांनी.

तर झालं असं. कारखान्याच्या पत्र्यावर सोलर बसलं. माझ्या पोराने, निखिलने मागे लागून बसवलं आणि फार चांगलं केलं. सकाळी नऊ-दहा वाजले की माग उन्हावर चालतात. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत आपल्या ओळीतल्या बऱ्याच शेडवर आता निळ्या काचा दिसतात. पहिलं बिल आलं तेव्हा वाटलं, आज अण्णा असायला हवे होते. त्यांचं अर्धं आयुष्य वीजबिलाच्या धास्तीत गेलं, तू बघितलंयस.

मग निखिलने कॉम्प्युटरवर हिशेब मांडला. दिवसा पॅनेलची वीज. दुपारी ग्रिडकडून, म्हणजे बाहेरच्या लाइनवरून, घ्यावी लागली तर तिलाही सवलत. संध्याकाळी पाचपासून मध्यरात्रीपर्यंत मात्र जादा आकार. म्हणजे दुसऱ्या पाळीत निघणारा प्रत्येक टॉवेल महाग. निष्कर्ष सरळ होता: रात्रपाळी बंद करा, सगळे माग दिवसा चालवा. हिशेबात चूक सापडत नाही, मी शोधून पाहिली.

पण सुध्या, मे महिन्यात दुपारी दोन वाजता आपल्या शेडमध्ये उभं राहणं म्हणजे काय, हे हिशेबात येत नाही. बाहेर त्रेचाळीस असतं, आत पत्र्याखाली किती ते मोजायला कुणी थर्मामीटर लावत नाही. पॅनेलच्या सावलीने पत्रा कमी तापतो म्हणतात, थोडा फरक पडतोही. पण हवा कोरडी ती कोरडीच. कोरड्या हवेत सुती ताणा, म्हणजे मागावरचं उभं सूत, तडातड तुटतो. माग थांबव, गाठ मार, पुन्हा चालू कर. जमिनीवर कितीही पाणी मारा, अर्ध्या तासात वाळतं. मजुरी मालावर असते, म्हणजे सूत तुटलं की कामगाराचा पैसाही तुटला. उन्हाळ्यात रात्रीच्या हवेत सूत ऐकतं. काका चाळीस वर्षं रात्रपाळीचे मुकादम राहिले ते काही हौस म्हणून नाही.

डिप्लोमाची तिन्ही वर्षं तू आणि मी त्या शेडच्या ऑफिसात अभ्यास केला, कारण तुझ्या घरी एकच खोली आणि माझ्या घरी पाहुणे. मध्यरात्र उलटली की काका किटलीतला चहा आणि कडक भाकरी-शेंगाचटणी घेऊन यायचे आणि तुला झोपलेला पकडायचे. "सुधीर, माग जागा आहे, तू झोपलास का बे?" तुला अणुवीज केंद्रात नोकरी लागल्यावर त्यांनी गल्लीत पेढे वाटले, आणि तू अणुबॉम्ब बनवायला गेलास असं सगळ्यांना सांगितलं. मी दुरुस्ती केली नाही, गप्प बसलो. पोरीकडचे लोक घाबरले आणि मग तुझं लग्न दोन वर्षं लांबलं. हे तुला कधी सांगितलं नव्हतं.

निखिलपाशी हे काढलं की तो विचारतो, "बाबा, तुम्ही सोलरच्या विरोधात आहात का?" मी विरोधात कसा असेन? 2014 साली देशात सौरवीज 3 हजार मेगावॅटसुद्धा नव्हती. 2025 च्या जानेवारीअखेर ती 1 लाख मेगावॅटच्या पुढे गेली आणि अजून धावतेच आहे. मोबाइल सोडला तर आपल्या हयातीत दुसरं काही या वेगाने उभं राहिलेलं मला आठवत नाही. आणि तुमचं अणुऊर्जेचं खातं? 1969 मध्ये तारापूर सुरू झालं, तेव्हापासून 2025 पर्यंत सगळं मिळून 8,880 मेगावॅट.

आता तू उसळणार: मेगावॅट, म्हणजे केंद्राची ताकद, मोजू नकोस; युनिट, म्हणजे प्रत्यक्ष निघालेली वीज, मोज. मोजले बाबा. सौरचा एक मेगावॅट वर्षाला साधारण 17 लाख युनिट देतो, तुमचा 70 लाखांच्या घरात. तुझं म्हणणं खरं. तरीही सूर्याचे एकूण युनिट आता तुमच्या दुपटीच्या वर गेलेत, तेव्हा फार फुगू नकोस.

मला खुपतंय ते निराळंच. वीज कुठल्या तासाला आहे, हे आता सगळ्यात महत्त्वाचं होऊन बसलंय. 2024 च्या 30 मे रोजी देशाची मागणी 2 लाख 50 हजार मेगावॅटपर्यंत गेली आणि ती पुरवली गेली, कारण दिवसा ऊन मदतीला होतं. खरी ओढाताण दिवेलागणीनंतर. पंखे आणि एसी चालूच असतात आणि सूर्य हात काढून घेतो. दुपारी खाली आणलेली कोळशाची केंद्रं मग दोन-तीन तासांत वर चढवावी लागतात. फताटेवाडीच्या चिमण्या तू गेल्या खेपेला लांबून दाखवल्यास, 1,320 मेगावॅटचं केंद्र, पाणी उजनीचं. तसली केंद्रं बांधली एका चालीने चालायला, आता रोज चढउतार करतात. तिकडे राजस्थानात लाइन पुरत नाही म्हणून भर दुपारी सौरवीज बंद ठेवायची वेळ येते. दुपारी वाया घालवायची आणि रात्री जादा दराने विकायची, हे मला कळतं पण सहन होत नाही.

इथे तुझी आठवण येते. झेनॉनचं तू समजावलेलं डोक्यात पक्कं बसलंय: अणुभट्टी बंद केली की आयोडिनपासून झेनॉन वायू साठतो, भट्टी पेटती ठेवणारे न्यूट्रॉन तो गिळतो, आणि पुढे दीडेक दिवस भट्टी पेटवता येत नाही. म्हणून ती एका पातळीवर रात्रंदिवस चालवायची. इंधनसुद्धा चालू भट्टीतच बदलायचं. 2018 च्या डिसेंबरात तुझ्या कैगा केंद्राच्या पहिल्या भट्टीने इंग्लंडच्या हीशम केंद्राचा सलग 940 दिवस चालण्याचा विक्रम मोडला तेव्हा तू फोनवर इतका ओरडलास की हिने विचारलं, कुणाचं काय झालं? 962 दिवस न थांबता! नंतर कॅनडाच्या डार्लिंग्टनने तोही मोडला, हे तेव्हा तुझ्या आनंदाखातर बोललो नाही, आज बोलतो.

आणि आपलं सोलापूर या सगळ्याच्या सांध्यावर बसलंय, हे किती जणांना माहीत आहे? 2013 च्या 31 डिसेंबरला रायचूर–सोलापूर ही 765 किलोव्होल्टची लाइन चालू झाली आणि दक्षिणेचं ग्रिड उरलेल्या देशाशी एका फ्रिक्वेन्सीत जोडलं गेलं. तेव्हापासून तुझ्या कैगाचं जनित्र आणि माझ्या शेडमधली मोटर एकाच 50 हर्ट्झच्या तालावर आहेत. हे मी काकांना सांगितलं होतं. ते म्हणाले, "म्हणजे सुधीर अजून रात्रपाळीलाच आहे."

आता आबाचं ऐक. मोहोळच्या त्याच्या शेताला दिवसा वीज मिळायला लागली. सौर कृषी वाहिनी योजनेत सबस्टेशनजवळ पॅनेल लागले आणि तिथून शेतांकडे जाणाऱ्या लाइनला दिवसा वीज. रात्री दोनला बॅटरी घेऊन दारं धरायला, पिकाला पाणी द्यायला जाणं संपलं. आबा म्हणाला, "दादा, बायको आता निवांत झोपते." मी काय बोलणार? बाळू असाच रात्री शेतात गेला होता, ते तुला आठवतंच. ही वीज तेव्हा असती तर तो आज आपल्यात असता, एवढं मी कुणाहीपुढे छातीवर हात ठेवून सांगेन. सौरविजेने दुसरं काहीही केलं नसतं तरी एवढ्यासाठी मी तिला नमस्कार केला असता.

पण त्याच उन्हाने आबाला रात्रीची झोप दिली आणि काकांना भर दुपारी पत्र्याखाली बोलावलं. यातल्या पहिल्या गोष्टीचा फोटो पेपरात येतो. दुसरीबद्दल कुणी विचारतसुद्धा नाही. देशाने दिवस झपाट्याने स्वस्त केला आणि रात्र कुणाच्या भरवशावर सोडली, हे मला तुझ्यासारख्या माणसाकडून ऐकायचंय.

जैतापूरच्या अणुवीज प्रकल्पावरून आपलं किती वाजलं! 2011 च्या मार्चमध्ये जपानात फुकुशिमाच्या अणुभट्ट्यांचा अपघात झाला, एप्रिलमध्ये जैतापूरला पोलिसांच्या गोळीबारात एक माणूस गेला, आणि मी तुला नको ते बोललो. तू वास्तुशांतीला आला नाहीस, वहिनींच्या हाती पाकीट पाठवलंस. ते पाकीट मी अजून फोडलेलं नाही, आलास की दोघांनी फोडू. माझं म्हणणं आजही तेच आहे: ज्यांच्या दारात भट्टी येणार त्या मच्छीमारांना आधी विचारा, त्यांचा समुद्र तापणार का ते त्यांच्या भाषेत सांगा. तुझंही असेल तेच: 9,900 मेगावॅट एका जागी, रात्रंदिवस, धुराशिवाय. पंधरा वर्षं झाली, ते मेगावॅट कागदावरच आहेत. त्याच जातीची भट्टी फ्रान्सने फ्लामांव्हिलला 2007 मध्ये बांधायला घेतली, ती 2024 च्या डिसेंबरात ग्रिडला लागली. सतरा वर्षं! हे तुला टोचायला लिहीत नाही रे, घड्याळ दोघांसमोर ठेवतोय.

2047 पर्यंत अणुऊर्जा 1 लाख मेगावॅट करायची म्हणतात. 2025 च्या बजेटमध्ये छोट्या भट्ट्यांसाठी 20 हजार कोटी ठेवले, डिसेंबरात नवा कायदा करून खासगी कंपन्यांना दार उघडलं. होऊ दे. तुमच्या 700 मेगावॅटच्या स्वदेशी भट्ट्या काकरापारला चालल्या, तशाच ओळीने उभ्या करा, माझा विरोध नाही. फक्त सुरक्षेची तपासणी विकणाऱ्याच्या हातात जाऊ नये, आणि अपघात झालाच तर भरपाईला कोण उभं राहणार ते आधी लिहून ठेवावं. पण 2047 ला काका नसतील, बहुधा मीही नसेन. मधली वीस वर्षं कुणाची? घाटघरला जास्तीच्या विजेवर पाणी वर चढवून ठेवतात आणि गरज पडली की खाली सोडून वीज करतात, 250 मेगावॅटचं का होईना. असली कामं सौरपॅनेलच्या वेगाने का होत नाहीत? बॅटरीचा भाव निखिलने काढला. आपल्या शेडपुरती घ्यायची तरी घर गहाण पडेल.

एक वाट सुचलीय, बघ पटते का. मध्यरात्रीनंतर जादा आकार नाही. उन्हाळ्यापुरती एक पाळी रात्री बारा ते सकाळी आठ, दुसरी आठ ते एक. दुपारी माग बंद, पॅनेलची वीज ग्रिडला जाऊ दे. संध्याकाळी शेडला कुलूप. निखिल म्हणतो, तास कमी होतात, ऑर्डरी कशा पुरवायच्या? मी म्हटलं, सूत कमी तुटलं तर माल जवळजवळ तेवढाच निघेल, एक महिना बघू. अडचण दुसरीच आहे. कामगारांनी विडी घरकुल वसाहतीतून रात्री बाराला यायचं कसं? रिक्षा मिळत नाही. निम्म्या जणांच्या बायका विड्या वळतात, सकाळी पोरं शाळेत पाठवायची, नवरा आठनंतर येणार. टेम्पो लावून आणायचं म्हटलं तर त्याचा खर्च धरूनही संध्याकाळच्या आकारापेक्षा स्वस्त पडतंय, हे मी हाताने मांडून पाहिलं आणि निखिलनेही मान्य केलं.

किल्ली परत द्यायला मी काकांच्या घरी गेलो होतो. घेतली नाही. म्हणाले, "पोराला ठरवू दे, शेड त्याची आहे." मला ते फार लागलं. रागावले असते तर भांडता आलं असतं.

तुझं काय? पुढच्या वर्षी रिटायर होतोयस ना? प्राजूचं ठरलं का कुठे? वहिनींची पाठ आता कशी आहे? घर कारवारला घेणार की इकडे येणार, ते एकदा ठरव. जुळे सोलापुरात आपल्या गल्लीच्या मागे एक फ्लॅट आहे. मी बघून आलोय, विचारल्याशिवाय टोकन दिलेलं नाही.

दोन कामं कर. एक, निखिलशी बोल. माझं ऐकताना तो घड्याळ बघतो, तुझं वही घेऊन ऐकतो. रात्रीच्या विजेचा भाव पुढच्या दहा वर्षांत कुठे जाईल, तुझ्या अंदाजाने, त्याला खरं ते सांग, माझी बाजू घेऊ नकोस. दुसरं, काकांना फोन कर. बारा ते आठची गोष्ट माझ्याकडून गेली तर उपकार वाटतील, तुझ्याकडून गेली तर काम वाटेल. आठवडाभरात कर, एप्रिल लागला की मला पाळ्या लावाव्या लागतील.

तुझा,
विज्या

ता. क. येताना काजू नकोत, अजून संपले नाहीत. कोकम आण, आईने मुद्दाम सांगितलंय.